आंतोनियो कांदिदो : गोष्टीचा हक्क मागणारे प्राध्यापक

(ताज्या भागाचं हे शब्दांकन. बोलताना आलेले 'अं' आणि 'म्हणजे' जमतील तितके काढलेत, बाकी बोलले तसंच ठेवलंय.)

 

आजचा भाग एका समीक्षकावर आहे. समीक्षक म्हटल्यावर तुमच्यापैकी निम्मे लोक आत्ताच पुढे ढकलणार, मला माहितीये. मीही तेच केलं असतं. पण पाच मिनिटं द्या. कारण या माणसानं मला माझीच एक चूक दाखवली. ती चूक मी ऑफिसच्या एका एक्सेल शीटमध्ये, स्वतःच्या हातानं, स्वतःच्या नावासकट लिहून ठेवली होती. ते शेवटी सांगते.

माणसाचं नाव आंतोनियो कांदिदो. ब्राझीलचे. ब्राझीलमध्ये 'दि'चा उच्चार बऱ्याच ठिकाणी 'जि'सारखा होतो, त्यामुळे तिथला माणूस 'कांजिदु' असं काहीतरी म्हणेल. मी आपलं कांदिदोच म्हणणार आहे, सांभाळून घ्या. मला पोर्तुगीज येत नाही. म्हणजे तशी आपल्या सगळ्यांनाच थोडी येते. पगार, चावी, बादली, पाव, बटाटा हे सगळे शब्द तिकडूनच आलेत. पण पगार आणि बटाट्यावर समीक्षा वाचता येत नाही! मी वाचलं ते दोन रस्त्यांनी. एक, हॉवर्ड बेकर नावाच्या अमेरिकन समाजशास्त्रज्ञानं कांदिदोंच्या निवडक निबंधांचं इंग्रजी पुस्तक केलंय, १९९५ सालचं. हा बेकर सत्तरच्या दशकात रिओला शिकवायला गेला, त्यासाठी पोर्तुगीज शिकला, आणि कांदिदोंच्या इतका प्रेमात पडला की स्वतः भाषांतराला बसला. दुसरा रस्ता म्हणजे मूळ पोर्तुगीज मजकूर, मशीनचं भाषांतर आणि शेजारी उघडा शब्दकोश. हळू जातं, पण जातं.

तर सुरुवातीपासून.

कांदिदोंचा जन्म २४ जुलै १९१८ चा, रिओ द जनेरोचा. पण ते वाढले मिनास जेराइस या राज्यात, लहान गावांमध्ये. वडील डॉक्टर, घरात भरपूर पुस्तकं. सुरुवातीचं शिक्षण आईनं घरीच दिलं. पुढे कुटुंब पोसोस दे काल्दास या गावी राहायला आलं. तिथे त्यांच्या आईची एक मैत्रीण होती, तेरेझिना. मूळची इटलीची, वयानं बरीच मोठी, आणि पक्की समाजवादी. डॉक्टरांच्या सुखवस्तू घरातल्या या मुलाला जगात अन्याय नावाची गोष्ट आहे, आणि ती आपोआप आलेली नाही, हे पहिल्यांदा तिच्याकडून कळलं. १९८० मध्ये, म्हणजे साठी ओलांडल्यावर, कांदिदोंनी तिच्यावर पुस्तक लिहिलं. प्राध्यापक लोक सहसा आपल्या गाइडवर लिहितात. यांनी शेजारच्या मावशीवर लिहिलं. मला हे फार आवडलं.

१९३९ मध्ये ते साओ पावलो विद्यापीठात दाखल झाले. एकाच वेळी दोन ठिकाणी, कायदा आणि तत्त्वज्ञान-समाजशास्त्र. हे विद्यापीठ तेव्हा नवंकोरं होतं, १९३४ मध्ये सुरू झालेलं. प्राध्यापक कमी, म्हणून फ्रान्सहून तरुण शिक्षक बोलावले होते. लेव्ही-स्ट्रॉस हे नाव ऐकलं असेल, तेही थोडे आधी तिथेच शिकवून गेले होते. हे फ्रेंच शिक्षक वर्गात सरळ फ्रेंचमध्येच बोलायचे. समजलं तर समजलं! कांदिदोंना समजलं. कायद्याची पदवी मात्र त्यांनी शेवटच्या, पाचव्या वर्षी सोडून दिली. मी बीटेकच्या दुसऱ्या वर्षी हेच करायचा विचार करत होते. फरक इतकाच की त्यांनी केलं.

१९४१ मध्ये त्यांनी आणि मित्रमैत्रिणींनी 'क्लीमा' नावाचं मासिक काढलं. वाटणी एकदम स्पष्ट. साहित्य कांदिदोंकडे, नाटक देसिओ द आल्मेइदा प्रादोंकडे, सिनेमा पावलो एमिलिओंकडे, चित्रकला लोरिव्हाल गोमेस माशादोंकडे. विशीतली पोरं, आणि प्रत्येकानं आपापल्या विषयात पुढे अख्ख्या देशात नाव काढलं. तेव्हाचे ज्येष्ठ, थोडे खट्याळ लेखक ओस्वाल्द द आन्द्रादे यांनी या पोरांना एक टोपणनाव ठेवलं. त्याचा अर्थ साधारण 'बोअर गँग'. कारण ही पोरं फार अभ्यास करायची, फार गंभीर असायची.

याच गँगमध्ये जिल्दा होत्या. १९४३ मध्ये त्यांचं आणि कांदिदोंचं लग्न झालं. जिल्दा द मेलो ए सोझा पुढे त्याच विद्यापीठात सौंदर्यशास्त्र शिकवायला लागल्या. त्यांचा डॉक्टरेटचा प्रबंध एकोणिसाव्या शतकातल्या कपड्यांच्या फॅशनवर होता. १९५० साली! त्या काळी विद्यापीठात या विषयाकडे लोक कसे बघत असतील, याची कल्पना करा. या दांपत्याच्या तीन मुलींपैकी दोघी इतिहासकार झाल्या, एक डिझायनर आणि लेखिका.

आता काम. १९४२ मध्ये कांदिदो विद्यापीठात समाजशास्त्राचे सहायक म्हणून लागले. थांबा, साहित्याचे नाही. समाजशास्त्राचे. पुढची सोळा वर्षं पगार समाजशास्त्राचा आणि जीव साहित्यात, असं चाललं. आपल्यातल्या किती जणांना हे ओळखीचं वाटतंय, हात वर करा. माझा वर आहे.

साहित्याची हौस ते वर्तमानपत्रात भागवायचे. तेव्हा ब्राझीलच्या पेपरांत पानाच्या तळाशी आडवा पट्टा समीक्षकासाठी राखीव असायचा. दर आठवड्याला एक लेख. आधी 'फोल्या द मान्या' आणि नंतर 'दियारिओ द साओ पावलो' या पेपरांत कांदिदोंनी हा पट्टा सांभाळला. आणि इथे या माणसाची नजर दिसते. जोआओ काब्राल द मेलो नेतो नावाच्या कोवळ्या कवीचं पहिलं पुस्तक आलं, त्यावर त्यांनी गंभीरपणे लिहिलं. १९४३ च्या शेवटी तेवीस वर्षांच्या एका मुलीची पहिली कादंबरी आली. तिचं नाव क्लारिस लिस्पेक्टर. कांदिदोंनी लगेच ओळखलं की ही भाषेशी काहीतरी नवीन झटापट करतेय. १९४६ मध्ये गिमाराइन्स रोझा यांचा पहिला कथासंग्रह आला, त्याचंही तसंच. ही तिन्ही नावं आज ब्राझीलच्या विसाव्या शतकातली सगळ्यात मोठी नावं आहेत. पण तेव्हा त्यांना कोणी ओळखत नव्हतं. गुडरीड्स नाही, रेटिंग नाही, पुरस्कारांची यादी नाही. समोर एक अनोळखी पुस्तक, आणि पुढच्या आठवड्याची डेडलाइन. आणि लिहिणारा स्वतः जेमतेम पंचविशीतला.

सगळं सरळ नाही झालं बरं का. १९४५ मध्ये विद्यापीठात ब्राझिलियन साहित्याच्या प्राध्यापकपदासाठी स्पर्धा होती. कांदिदोंनी त्यासाठी जुने समीक्षक सिल्व्हिओ रोमेरो यांच्यावर प्रबंध लिहिला. जागा मिळाली नाही. परत समाजशास्त्र.

आणि मला वाटतं, हे बरंच झालं. कारण त्यामुळे ते बोफेतेला गेले.

बोफेते हे साओ पावलो राज्यातलं एक छोटं गाव. आसपास 'काइपिरा' लोकांच्या वस्त्या. काइपिरा म्हणजे तिथले गावरान शेतकरी. शहरातला माणूस हा शब्द हिणवून वापरतो, आपण 'गावठी' म्हणतो तसा. कांदिदोंना खरं तर अभ्यास करायचा होता 'कुरुरू'चा. कुरुरू म्हणजे गाण्यातला सामना. दोन गायक समोरासमोर उभे राहून एकमेकांना गाण्यातून उत्तरं देतात. आपल्या सवाल-जबाबाच्या जवळचं काहीतरी. हे गाणं कसं बदलत चाललंय, हे त्यांना बघायचं होतं. पण तिथे गेल्यावर त्यांच्या लक्षात आलं की गाणं का बदललं हे गाण्यात सापडणार नाही. त्यासाठी ही माणसं काय खातात, कोणाच्या जमिनीवर राबतात, पीक कोणाशी वाटून घेतात, हे बघावं लागेल. मग ते तेच बघत बसले. १९४८ ते १९५४, मध्ये मध्ये जाऊन. काव्याचा अभ्यास करायला गेलेला माणूस लोकांच्या ताटात काय आहे हे वहीत टिपून घेतोय! मका किती, घेवडा किती, भात किती, मांस किती दिवसांनी.

यातून त्यांचा डॉक्टरेटचा प्रबंध झाला आणि १९६४ मध्ये त्याचं पुस्तक आलं. नावाचा अर्थ 'रिओ बोनितोचे वाटेकरी'. वाटेकरी म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीत वाट्यानं शेती करणारे. त्यात एक शब्द वारंवार येतो, 'मुतिराँव'. मशीननं त्याचं भाषांतर 'सामूहिक प्रयत्न' असं केलं. मला काही कळेना. मग वर्णन वाचलं. एकाला शेतात मोठं काम निघतं, तो शेजाऱ्यांना बोलावतो, सगळे मिळून एका दिवसात काम उरकतात, पैसे कोणी घेत नाही, संध्याकाळी यजमान जेवण घालतो, गाणी होतात, आणि ज्यानं बोलावलं तो उद्या दुसऱ्याच्या शेतावर जायला बांधील असतो. मी फोनवर आजीला हे सांगितलं. आजी म्हणाली, "अगं, मग इर्जिक म्हण की!" संपला विषय. सहा वर्षांचं फील्डवर्क आणि एक न्यूरल नेटवर्क जिथे अडलं, तिथे आजी दोन सेकंदात पोचली.

पण कांदिदो तिथे नुसते 'किती छान जुनी पद्धत' असं म्हणून थांबत नाहीत. ते एक अवघड प्रश्न विचारतात. माणसाला जगायला कमीत कमी काय लागतं? ते म्हणतात, दोन किमान असतात. एक अन्नाचं आणि निवाऱ्याचं. आणि दुसरं माणसांत माणूस म्हणून राहण्याचं. इर्जिकीला बोलावणं येणं, गाण्याला जाणं, सणाला कुणाच्या तरी अंगणात असणं. बाजार आणि पैसा आल्यावर काइपिराच्या हातात काही वस्तू जास्त आल्या असतील, पण हे दुसरं किमान ढासळलं. हा मुद्दा लक्षात ठेवा. चाळीस वर्षांनी तो परत येणार आहे.

१९५८ मध्ये त्यांनी निर्णय घेतला. चाळिशीत, राजधानीच्या विद्यापीठातली सोळा वर्षांची नोकरी सोडली आणि आसिस नावाच्या गावातल्या नव्या कॉलेजात साहित्य शिकवायला गेले. साओ पावलो शहरापासून चारशेहून जास्त किलोमीटर आत. म्हणजे करिअरच्या भाषेत उलटा प्रवास. पण विषय आपला! तिथे असतानाच, १९५९ मध्ये, त्यांचं सगळ्यात प्रसिद्ध पुस्तक आलं, 'ब्राझिलियन साहित्याची जडणघडण'. दोन खंड. गंमत म्हणजे प्रकाशकानं त्यांच्याकडे साहित्याचा इतिहास मागितला होता १९४५ मध्ये. चौदा वर्षं उशीर. आमच्या टीममध्ये स्प्रिंट दोन दिवस लांबला तरी मॅनेजरचा मेल येतो.

या पुस्तकातली कल्पना सोपी आहे, पण तिच्यावरून अजून भांडणं चालतात. कांदिदो म्हणतात, पुस्तकं असणं म्हणजे साहित्य असणं नव्हे. साहित्य ही एक व्यवस्था आहे. तिला तीन गोष्टी लागतात. आपण लेखक आहोत हे भान असलेले लेखक, त्यांना वाचणारे वाचक, आणि दोघांना जोडणारी भाषा-शैली. शिवाय हे एका पिढीकडून दुसरीकडे जायला हवं. पुढच्यानं मागच्याला वाचलेलं हवं, मग तो मान्य करो की भांडो. हे नसेल तर तुमच्याकडे एकेकटे प्रतिभावान लोक असतील, पण साहित्य नसेल.

माझ्या भाषेत सांगायचं तर, तुम्ही कितीही सुंदर फंक्शन लिहा. ते कोणी कॉलच केलं नाही, तर सिस्टीमच्या दृष्टीनं ते नाहीच.

या हिशेबानं त्यांनी ब्राझीलच्या साहित्याची जडणघडण साधारण १७५० ते १८८० या काळात धरली. म्हणजे त्याआधीचा मोठा बरोक कवी, ग्रेगोरियो द मातोस, बाहेर राहिला. कारण त्याच्या कविता त्याच्या हयातीत छापल्या गेल्या नाहीत, पुढे खूप काळ फार थोड्यांना माहीत होत्या. यावर कवी-समीक्षक आरोल्दो द कांपोस चिडले. १९८९ मध्ये त्यांनी अख्खं पुस्तक लिहिलं आणि शीर्षकातच आरोप केला की बरोकचं अपहरण झालंय. त्यांचं म्हणणं, साहित्याचा इतिहास म्हणजे सरळ रेषेतली वंशावळ नाही. दोनशे वर्षं गाडला गेलेला कवी आज सापडतो आणि आजच्या कवीला पेटवतो, त्याचं काय? मला विचाराल तर दोघांचंही पटतं. कांदिदो सांगतात व्यवस्था कशी उभी राहते. आरोल्दो आठवण करून देतात की व्यवस्थेच्या बाहेर कोण राहिलं, तेही विचारा.

या पुस्तकाच्या प्रस्तावनेतला एक प्रामाणिकपणा मला विशेष वाटला. माझ्या शब्दांत सांगते. ते म्हणतात, जगातल्या मोठ्या साहित्यांपुढे आपलं साहित्य गरीब आहे, हे मान्य करू. पण ते आपल्याबद्दल बोलतं. आपणच त्याच्यावर प्रेम केलं नाही, तर दुसरं कोणी आपल्यासाठी ते करणार नाही. खोटी बढाई नाही आणि रडगाणंही नाही. आपल्याकडे भाषेवर बोलताना एकतर छाती बडवतात नाहीतर गळा काढतात. मधला हा सूर मला फार दिवसांनी ऐकायला मिळाला.

१९६१ पासून ते परत साओ पावलो विद्यापीठात आले, या वेळी साहित्य सिद्धान्त शिकवायला. त्यांच्या हाताखालून रॉबेर्तो श्वार्झ, वाल्निसे गाल्व्हाँव, दाव्ही आरिगुसी असे पुढचे मोठे समीक्षक तयार झाले. पण काळ वाईट होता. १९६४ मध्ये लष्करानं सत्ता घेतली, ती १९८५ पर्यंत. १९६८ च्या डिसेंबरात आणखी कडक हुकूम निघाला. १९६९ मध्ये विद्यापीठातून कितीतरी प्राध्यापकांना सक्तीनं निवृत्त केलं. त्यात कांदिदोंचे जवळचे मित्र फ्लोरेस्तान फर्नांदेस होते. धुणीभांडी करणाऱ्या बाईचा मुलगा, लहानपणी बूट पॉलिश करून मोठा झालेला, आणि देशातला पहिल्या फळीतला समाजशास्त्रज्ञ. श्वार्झना देश सोडून पॅरिसला जावं लागलं. कांदिदोंची नोकरी गेली नाही. ते राहिले आणि शिकवत राहिले.

आणि याच काळात, १९७० मध्ये, त्यांनी त्यांचा सगळ्यात गाजलेला निबंध लिहिला. एका जुन्या विनोदी कादंबरीवर. मानुएल आंतोनियो द आल्मेइदा यांची ही कादंबरी १८५२-५३ मध्ये पेपरात क्रमशः आली होती. नायक लिओनार्दो, एक उनाड पोरगा, काही धड करत नाही, अडकतो, सुटतो. त्याच्या मागे मेजर व्हिदिगाल, रिओचा कडक पोलीस अधिकारी. शेवटी लिओनार्दोला सोडवायला तीन बायका मेजरच्या घरी जातात. मेजर घरच्या कपड्यात. त्यांना बघून घाईघाईत तो आत जाऊन वर युनिफॉर्मचा कोट चढवून येतो. पण खाली? खाली घरातलीच विजार आणि पायात लाकडी खडावा. कमरेच्या वर कायदा, कमरेच्या खाली घर! आणि त्या तिघींपैकी एक त्याची जुनी ओळखीची असते. मग काय, लिओनार्दो सुटतो, वर बढतीही मिळते.

आपण सगळ्यांनी लॉकडाउनमध्ये शर्टाखाली बर्म्युडा घालून मीटिंगा केल्यात, त्यामुळे हे चित्र आपल्याला नवीन नाही. पण कांदिदो त्या कोट-खडावांवर थांबतात आणि म्हणतात, या कादंबरीचं सगळं रहस्य इथे आहे. व्यवस्था आणि अव्यवस्था, या दोन टोकांमध्ये सगळी पात्रं ये-जा करतात आणि कोणालाच त्याचं फारसं वाटत नाही. समाजाचं चित्र कादंबरीत वर्णनांमधून येत नाही, तर तिच्या घडणीतून येतं. हीच त्यांची पद्धत. पुस्तक एकीकडे आणि समाज दुसरीकडे असं नाही. समाज पुस्तकाच्या आत शिरून त्याचा सांगाडा होतो, आणि समीक्षकानं तो सांगाडा दाखवायचा. आणि हेही ते सांगायला विसरत नाहीत की या खेळीमेळीच्या जगात गुलाम जवळजवळ दिसतच नाहीत. तेव्हाचं रिओ गुलामांच्या कष्टावर चालत होतं, आणि कादंबरी त्यांना वगळून हसते.

लष्करी राजवटीत, जिथे 'व्यवस्था' हा शब्दच भीतीचा होता, तिथे वर्दीखालच्या खडावांवर निबंध लिहिणं, यातला सूचक अर्थ तुमचा तुम्ही लावा.

१९७८ मध्ये ते निवृत्त झाले. १९८० मध्ये कामगार पक्षाची स्थापना झाली, लुला ज्या पक्षाचे नेते, तोच. त्याच्या संस्थापकांमध्ये कांदिदो होते. तेरेझिना मावशीचा धडा शेवटपर्यंत टिकला.

आता तो मुद्दा, ज्यासाठी मी हा भाग केला.

१९८८ हे ब्राझीलच्या नव्या संविधानाचं वर्ष. त्या वर्षी मानवी हक्कांवरच्या एका व्याख्यानमालेत कांदिदो 'साहित्याचा हक्क' या विषयावर बोलले. सुरुवातीला ते एक फरक करतात, जो त्यांनी लब्रे नावाच्या फ्रेंच धर्मगुरूकडून घेतलाय. काही गोष्टी दाबून कमी करता येतात, काही येत नाहीत. अत्तर, जादाचे कपडे, दागिने कमी करा, माणूस मरत नाही. अन्न, घर, औषध, न्याय हे दाबता येत नाही. आम्ही रोज फाइली कॉम्प्रेस करतो. त्यातही असंच असतं. काही डेटा टाकला तर चालतो, काही टाकला तर फाइल उघडतच नाही.

मग कांदिदो विचारतात, साहित्य कुठल्या यादीत? आणि साहित्य म्हणजे नुसत्या जाड कादंबऱ्या नव्हेत. लोककथा, गाणं, विनोद, टीव्हीवरची मालिका, सगळं. त्यांचं म्हणणं असं की चोवीस तास कुठल्याही कल्पनेशिवाय, गोष्टीशिवाय राहू शकेल असा माणूस नाही. जागेपणी टाळलं तर झोपेत स्वप्न पडतं. जी गरज प्रत्येकाला आहे, ती हक्क आहे. साहित्य माणसाला सज्जन करतं असा दावा ते करत नाहीत, बरं का. ते म्हणतात, ते आपल्या आतल्या गोंधळाला आकार देतं. चांगलं-वाईट दोन्ही दाखवतं, आणि त्यातून आपण जास्त माणूस होतो.

आणि मग कसोटी. मला जे अत्यावश्यक वाटतं, ते समोरच्यालाही अत्यावश्यक आहे, हे मानायची तुमची तयारी आहे का? गरिबाला भाकरी हवी, घर हवं, हे आपण पटकन मान्य करतो. पण त्यालाही दोस्तोयेव्हस्की वाचायचा, बीथोव्हेन ऐकायचा हक्क आहे, हे आपल्या मनातही येत नाही. दुष्टपणानं नाही. सुचतच नाही.

बोफेतेचं ते दुसरं किमान आठवलं? तेच आहे हे. चाळीस वर्षांनी, हक्काच्या भाषेत.

तर माझी एक्सेल शीट.

मागच्या वर्षी आमच्या कंपनीच्या सामाजिक निधीच्या समितीत मी होते. शहराबाहेरच्या एका सरकारी शाळेसाठी दोन प्रस्ताव होते. एक, टॅबलेट आणि कोडिंगचे वर्ग. दुसरा, एक वाचनखोली, गोष्टीची पुस्तकं, आणि आठवड्यातून दोनदा येणारी एक ताई. पैसे एकाचेच होते. प्रत्येकानं शेरा लिहायचा होता. मी दुसऱ्या प्रस्तावापुढे लिहिलं, "छान आहे, पण गरजेचं नाही. परिणाम मोजता येणार नाही."

टॅबलेट गेले. आणि खरं सांगते, ते वाया गेले नाहीत. मुलं वापरतात, काही तर मस्त वापरतात. त्यामुळे 'बघा, चुकलं ना' अशी ही गोष्ट नाही. चूक निर्णयात होती की नाही, मला सांगता येणार नाही. चूक त्या शेऱ्यात होती.

कारण बीटेकच्या दुसऱ्या वर्षी माझे तीन विषय राहिले होते. घरी सांगितलं नव्हतं. हॉस्टेलच्या खोलीत मी दिवसचे दिवस लायब्ररीतून आणलेल्या कादंबऱ्या वाचत पडायचे. मैत्रीण म्हणायची, अभ्यास कर की. पण त्या पुस्तकांनी मला त्या दोन महिन्यांतून ओढून बाहेर काढलं. काही मोजता येईल असं झालं नाही. मार्क वाढले नाहीत. मी फक्त राहिले. आज कोणी मला म्हणालं की तुझी पुस्तकं घेतो, बदल्यात नवा लॅपटॉप देतो, तर मी त्याला दारातून परत पाठवीन. जी गोष्ट मी स्वतःसाठी गरजेची मानते, ती त्या पोरांसाठी 'छान आहे, पण' कशी झाली? मी एक मिनिटही विचार केला नव्हता. सुचलंच नाही.

कांदिदो गेले १२ मे २०१७ रोजी, ९८ वर्षांचे होऊन. १९९८ मध्ये पोर्तुगीज भाषेतला सगळ्यात मोठा मानला जाणारा कामोइन्स पुरस्कार त्यांना मिळाला होता. जिल्दा २००५ मध्ये गेल्या होत्या. शेवटपर्यंत ते वह्यांमध्ये लिहीत होते. त्या अखेरच्या वह्यांवर एदुआर्दो एस्कोरेल यांनी माहितीपटही केलाय. त्यांच्या कागदांत एक छोटा मजकूर सापडला, नाव 'पुस्तकांचं रडणं'. त्यात ते कल्पना करतात की आपण मेलोय, आणि आपली पुस्तकं शोक करतायत. ज्या माणसानं पानं उघडली, धूळ झटकली, हातात धरलं, तो आता येणार नाही म्हणून. आयुष्यभर पुस्तकं लोकांपर्यंत न्यायची धडपड केलेल्या माणसाला शेवटी पुस्तकांच्या बाजूनं जग दिसलं. वाचणारा नसेल तर पुस्तकाचं कोण?

समितीची या वर्षीची बैठक दोन आठवड्यांवर आलीये. वाचनखोलीचा तो जुना प्रस्ताव मी परत दाखल केलाय. मंजूर होईल की नाही, माहीत नाही. 'परिणाम कसा मोजणार?' असा रकाना या वर्षीही आहे, आणि माझ्याकडे आकडा नाही. त्या रकान्यात मी एवढंच लिहिलंय, "मला गरज होती. त्यांनाही असणार."

काय झालं ते पुढच्या एखाद्या भागात सांगीन. तोवर, तुमच्या अडचणीच्या दिवसांत कुठल्या पुस्तकानं, गाण्यानं किंवा गोष्टीनं तुम्हाला धरून ठेवलं, ते कळवा. बैठकीत वाचून दाखवायला उपयोगी पडेल, गंमत नाही करत.

चला, भेटू. काळजी घ्या.